मी रस्ता ओलांडायला शिकवते

होय, हेच माझं काम. हसून घ्या. आमच्या नात्यातल्या प्रत्येक लग्नात लोक हसूनच घेतात. "पोरगी काय करते?" असं कुणी विचारलं की माझे वडील आधी खाकरतात, मग म्हणतात, "संस्थेत आहे." कुठल्या संस्थेत, असं विचारणारा एखादा चिवट पाहुणा निघतोच. मग वडील पंगतीत काय वाढायला आलंय ते बघत बघत सांगून टाकतात, "लोकांना रस्ता ओलांडायला शिकवते." पाहुणा एकदा माझ्याकडे बघतो, एकदा वडलांकडे, आणि म्हणतो, "म्हंजे, लोकांला येत न्हाई का?"

नाही येत! आणि गाडीवाल्यांना थांबता येत नाही! रस्ता काय गाडीवाल्यांच्या बापाचा आहे? चालणारा हा रस्त्याचा पहिला मालक आहे! जागे व्हा!

बघा, सुरू झालं. संपादकांनी फोनवर बजावून सांगितलं होतं, "ताई, अनुभव लिहा, पत्रक लिहू नका." पण कॉलेज सुटल्यापासून मी दुसरं काही लिहिलेलंच नाही. माझ्या हाताला उद्गारचिन्हाचं वळण पडलंय. घरात किराण्याची चिठ्ठी लिहिली तरी शेवटी "साखर मिळालीच पाहिजे!" असं येतं. तेव्हा वाचकांनी मधूनमधून येणाऱ्या घोषणा उडवून वाचाव्यात. आमची पत्रकं लोक तशीच वाचतात.

आमची संस्था परभणीत, टायरच्या दुकानाच्या वर, दोन खोल्यांत आहे. खालच्या जिन्यात गिऱ्हाइकं मोटारसायकली लावतात. त्यामुळे चालणाऱ्यांच्या हक्कांसाठी झटणाऱ्या या संस्थेत यायचं तर आधी दोन-तीन हँडलांमधून अंग चोरून घ्यावं लागतं. मी त्या दुकानदाराला पत्रक दिलं. त्यानं ते वाचलं, "बराबर हाय ताई" म्हणाला आणि माझ्याच चपलेशेजारी आणखी एक गाडी लावली.

काम काय आहे ते सोप्या शब्दांत सांगते. रस्त्यावर चालणारा आणि गाडीवाला सारखे एकमेकांशी बोलत असतात. तोंडानं नाही. चालणारा पाय पुढे टाकतो, मागे घेतो, हात दाखवतो, बघतो. गाडीवाला हॉर्न देतो, दिवा मारतो, वेग कमी करतो. वेग कमी केला की गाडीचं नाक किंचित खाली वाकतं, ते वाकलं की समजायचं की यानं आपल्याला पाहिलंय. हे बोलणं नीट झालं की माणूस घरी जातो. नाही झालं की दवाखान्यात जातो. हे बोलणं दोन्ही बाजूंना शिकवणं, एवढाच आमचा धंदा.

आता हे बोलणं जागोजागी वेगळं असतं, हे आम्हाला कोण सांगणार? सुरुवातीला एका मोठ्या शहरातून पत्रकाचा नमुना आला होता. तो आम्ही जसाच्या तसा छापला. त्यात एक ओळ होती, "वाहनचालकाने दिवा लुकलुकवल्यास तो आपणांस वाट देत आहे असे समजावे." गठ्ठे वाटायला निघाले तेव्हा ती ओळ माझ्या डोळ्यांसमोर आली आणि मी गठ्ठे थांबवले. आपल्याकडे समोरच्यानं दिवा मारला तर त्याचा अर्थ एकच, "मी निघालोय, तू जागेवर थांब." ती ओळ वाचून कुणी खरंच रस्त्यात उतरला असता तर? मग मी दिवसभर बसून एकेका पत्रकावरची ती ओळ काळ्या शाईनं खोडली. बोटं काळी झाली. पण त्याचा परिणाम असा झाला की आमच्या इतिहासात पहिल्यांदाच पत्रक लोकांनी लक्ष देऊन वाचलं. खोडलेली ओळ तेवढी. बसस्टँडवर बाप्ये पत्रक उन्हाला धरून खाली काय वाईट-साईट लिहिलंय ते शोधत होते.

मग मी ठरवलं, आधी गाडीवाल्यांचं ऐकायचं. म्हणून उसाच्या हंगामात गंगाखेडला गेले. तिथं कारखान्याच्या वाटेवर उसाचे ट्रॅक्टर उभे असतात, मागे दोन-दोन ट्रॉल्या, वर टेप चालू. रज्जाकमामू म्हणून एक वयस्कर ड्रायव्हर चाकाच्या सावलीत डबा खात बसले होते. मी पत्रक त्यांच्या हातात दिलं आणि समोर बसले.

"मामू, समोर माणूस दिसला की तुम्ही काय करता?"

"हॉर्न मारतो."

"टेप एवढा मोठा लावलाय. हॉर्न तुम्हाला तरी ऐकू येतो का?"

"मला कायको पायजे ऐकू यायला? मी तर गाडीतच बसलोय ना बेटी."

हे उत्तर आमच्या कुठल्याच प्रशिक्षणात नव्हतं. मी दुसरीकडून शिरले. "बरं, चालवताना नजर कुठं असते?"

"मागं. आरशात. पोट्टे ट्रॉलीतून ऊस वढायलेत की न्हाई ते बघावं लागतं."

"आणि समोर?"

"समोर अल्ला हाय."

मी चिडले. म्हटलं, "मग दिवाळीच्या आधी या रस्त्यावर सोयाबीन वाळत घातलं होतं, तेव्हा सगळे कसे हळू जात होतात? मी बघितलंय. सोयाबीनसाठी गिअर बदलता आणि माणसासाठी नाही?"

मामूंनी भाकरीचा तुकडा खाली ठेवला. माझ्या अकलेची त्यांना खरोखर काळजी वाटली असावी. "बेटी, सोयाबीनवरनं चाक सरकतंय. ट्रॉली पलटी झाली तर मालक मला ठेवंल का?"

"आणि माणूस आला तर?"

"तौबा, तौबा! माणसावर कोण घालंल?" मामूंनी दोन्ही कानांना हात लावले. "पन माणूस सोताहून सरकतो ना. सोयाबीन थोडंच सरकतंय?"

माणूस सरकतो! मी परत येताना सगळ्या वाटेत दात-ओठ खात होते. याच वाक्यावर सगळी वाहतूक चालली आहे! लगेच पत्रक लिहिलं: "आम्ही सरकणार नाही!!!" आमच्या सरांनी, म्हणजे संस्थेच्या प्रमुखांनी, ते वाचून शांतपणे विचारलं, "म्हणजे ट्रक समोरून आला तरी?" ते पत्रक छापलं नाही.

आता जे सांगायचं ते सांगते. पेडगावच्या बाजूला एक लहानशी वस्ती आहे. रस्त्याच्या एका अंगाला घरं, दुसऱ्या अंगाला शेतं. पूर्वी मधला रस्ता अरुंद होता, खड्डे होते, गाड्या रांगत जायच्या. मग रस्ता रुंद झाला, गुळगुळीत झाला. तिथून गाड्या अशा जायला लागल्या की घरातली भांडी वाजायची. ओलांडायला पट्टे नाहीत, फलक नाही, गतिरोधक नाही. रस्ता करताना कुणी विचारच केला नाही की या दोन बाजूंच्या मधून रोज माणसं जातात-येतात!

तिथं द्वारकाकाकू भेटल्या. वय साठीच्या पुढे, हातात विळा, आणि माझ्याकडे बघण्यात पाहुण्या मास्तरणीकडे बघतात तसं कौतुक. त्यांची एक म्हैस, चंद्री, कपाळावर पांढरा ठिपका असलेली. काकू रोज सकाळ-संध्याकाळ रस्त्यापलीकडच्या शेतात जायच्या, चारा कापायच्या आणि डोक्यावर भारा घेऊन परत यायच्या. वस्तीवरच्या आणखी बायाही तसंच करायच्या. एकामागे एक, रांगेनं. भाऱ्यावर भारा.

काकूंचा मुलगा बाळू फाट्यावर पंक्चरचं दुकान चालवतो. दिवसभर तो रस्त्यावरच्या गाड्या बघत बसतो, त्यामुळे आई रस्त्यात उतरली की त्याच्या हातातला टायर सुटतो. त्यानं जाहीर केलं होतं, "दिवाळी झाली की म्हैस इकून टाकायची. दूध इकत घेऊ. पन आईनं रस्त्यावर जायचं न्हाई."

"तुमी तेला समजून सांगा," काकू मला म्हणाल्या. "सून सैपाक करती, लेक दुकान बघतो. म्हैस गेल्यावर मी काय करू? चंद्री हाय म्हणून पाटंचं कुनीतरी माजी वाट बगतंय. न्हाईतर या घरात माजी वाट बगायचं कुनाला काय कारण हाय?"

मी शब्द दिला. मी शब्द लगेच देते. पत्रक लिहिणाऱ्यांना शब्दांची कमतरता नसते. म्हणाले, "काकू, तुम्हाला रस्ता ओलांडायचा हक्क आहे. तो आपण मिळवू."

"हक्क नगं, म्हैस ऱ्हाऊ द्या म्हंजी झालं."

पहिला वर्ग शाळेच्या ओसरीत घेतला. सगळ्या बाया जमल्या. मी हातात जेवणाचं ताट स्टिअरिंगसारखं धरलं आणि ड्रायव्हर झाले. आमचा मुख्य धडा असा की ओलांडण्याआधी ड्रायव्हरच्या डोळ्यात बघायचं. त्यानं आपल्याला पाहिलंय याची खात्री झाली की मगच पाय टाकायचा. मी ताट फिरवत ओरडले, "माझ्या डोळ्यात डोळे घाला!"

काकूंनी तोंडाला पदर लावला. "अगं माय! परक्या गड्याच्या डोळ्यात डोळे घालू? आमचे हे गेले, तवर त्येंचे डोळे काळे व्हते का घारे, मला ठावं न्हाई."

दुसरी म्हणाली, "आन तेनं बगून डोळा मारला म्हंजी?"

तिसरी, "मग ताई येऊन तेचं पत्रक काढतील!"

ओसरी हसून हसून लोळली. मी ताट हातात घेऊन उभी. या शंकेचं उत्तर पत्रकात नव्हतं. पत्रक लिहिताना आमच्या डोळ्यांपुढे जी बाई होती ती कुणाच्याही डोळ्यात बघणारी होती. म्हणजे मीच होते.

माघार घ्यायची सवय नाही. म्हटलं, "बरं, डोळ्यात नका बघू. निदान मान वळवून गाडी तरी बघा. आधी उजवीकडे, मग डावीकडे, मग पुन्हा उजवीकडे."

"डोक्यावर भारा असतोय की बाई."

"असू द्या. मान तर वळते ना?"

सगळ्या एकमेकींकडे बघू लागल्या. मग काकू अगदी गोड आवाजात म्हणाल्या, "तुमीच दावा की वळवून."

मी दाखवायला तयार झाले. काकूंनी माझ्या डोक्यावर फडक्याची गोल चुंबळ ठेवली, दोघींनी मिळून ओसरीबाहेर ठेवलेला भारा उचलला आणि वर दिला. जग नाहीसं झालं. चारी बाजूंनी गवत खाली लोंबत होतं, मला फक्त माझ्या चपला दिसत होत्या आणि थोडीशी जमीन. मानेतून कळ निघाली. बाहेरून माझीच घोषणा ऐकू आली, "ताई, आधी उजवीकडं!" मी मान वळवली. भारा जरा वेळानं वळला. मी थांबले तरी भारा वळायचा थांबेना, मग त्याच्याबरोबर मीही वळत गेले, शाळेच्या आवारातून काकूंच्या गोठ्याकडे, उतार लागला तशी पळतच. शेवटी कशाला तरी धडकून भाऱ्यासकट बसले. गवत बाजूला झालं तर समोर चंद्री. तिनं मला हुंगलं आणि माझ्या डोक्यावरून भारा खायला लागली.

"बसली, बसली!" बाया मागून ओरडत आल्या. "ताई, गाडी आली का हो?"

हसू ओसरल्यावर मात्र माझ्या लक्षात आलं की हा प्रश्न मोठा आहे. भाऱ्याखालच्या बाईला गाडी दिसत नाही, फक्त ऐकू येते. ड्रायव्हरला बाई दिसत नाही. त्याला दोन पायांवर चालणारं गवत दिसतं. आणि त्याच्या हिशेबानं माणूस सरकतो, पण ही बाई सरकू शकत नाही. बोलणं व्हायचं कसं?

मी काकूंना विचारलं, "मग म्हशीलाच शेतात का नेत नाही? तिथंच चरेल."

"आधी न्ह्यायचो. रस्ता मोठा झाला तवापासून बंद केलं. चंद्रीला गाडीनं उडवलं म्हंजी?"

म्हणजे बघा! म्हैस गोठ्यात सुखरूप आणि बाई रस्त्यावर! मी तिथल्या तिथं भाषण सुरू केलं. बाईच्या जिवाची किंमत, स्त्रीचे श्रम, सगळं. काकू भारा सोडता सोडता ऐकत होत्या. मध्येच म्हणाल्या, "व्हय की. पन म्हैस दुदाची हाय."

मग मी नवा उपाय काढला. एका हातानं भारा धरायचा, दुसरा हात वर करायचा. हात वर दिसला की ड्रायव्हर थांबेल. गाडी थांबली की जायचं. काकूंना पटलं, कारण यात कुणाच्या डोळ्यात बघायचं नव्हतं. दुसऱ्या दिवशी सकाळी मी रस्त्याच्या कडेला उभी राहिले. पलीकडे काकू भारा घेऊन आल्या आणि हात वर केला. परभणीकडे जाणारी एक काळी-पिवळी जीप करकचून थांबली. मला वाटलं, जिंकलो! आमच्या संस्थेच्या अहवालात फोटो जाणार!

जीपवाल्यानं डोकं बाहेर काढलं. "चला, परभनी, परभनी! मावशी, भारा टपावर टाका, मागं जागा हाय!"

आमच्या जिल्ह्यात रस्त्याच्या कडेला हात वर करण्याचं दुसरं कारण कुणाला सुचणार? पण काकूंना मी शिकवलं होतं की गाडी थांबली की जायचं. त्या जीपच्या पुढून निघाल्या. आमच्या कामातला सगळ्यात वाईट प्रसंग हाच असतो. पळणारी गाडी निदान दिसते, थांबलेल्या गाडीच्या आडून येणारी दिसतच नाही. जीपला वळसा घालून एक मोटारसायकल सुसाट आली. तिचा आरसा भाऱ्याला लागला. भारा उडाला, गवत रस्ताभर झालं, काकू खाली बसल्या. मोटारसायकलवाला थोडा डगमगला आणि निघून गेला.

मी धावले. बाळू माझ्या आधी धावला. काकूंचं कोपर खरचटलं होतं, बाकी काही नाही. त्या गवताकडे बघत म्हणत होत्या, "अरं गोळा करा, गोळा करा, चंद्री उपाशी हाय."

बाळूनं आईला उठवलं, कडेला आणून बसवलं, आणि मग माझ्याकडे वळला. "ताई, तुमी शिकवायच्या आधी आई निदान आपल्या हिशेबानं यायची."

मी खाली वाकून गवत गोळा करायला लागले. एकही उद्गारचिन्ह नाही.

"आता दिवाळीची वाट बगायची न्हाई," तो आईला म्हणाला. "पोखर्नीच्या पाव्हन्यांला आजच फोन करतो."

आठवडाभर मी ऑफिसात नुसती बसून होते. सरांनी विचारलं, "पेडगाव रस्त्याचं काय झालं?" मी म्हटलं, "चालू आहे." म्हणजे रस्ता. पट्ट्यांसाठी, फलकासाठी केलेल्या अर्जाची चौकशी केली. तोही चालू होता. शेवटी म्हैस न्यायचा दिवस कळला, तशी मी एसटीनं वस्तीवर गेले. सौदा थांबवायला. कशाच्या जोरावर? पिशवीत नवं पत्रक होतं. आम्हा लोकांचं हे असं असतं. घर जळत असलं तरी आम्ही आधी मजकूर करू.

पोखर्णीचे पाहुणे, म्हणजे म्हैस घेणारे, भले गृहस्थ होते. म्हैस टेम्पोत चढवायला उंचवटा लागतो, म्हणून त्यांनी टेम्पो रस्त्यापलीकडच्या बांधाला पाठ लावून उभा केला होता. म्हणजे चंद्रीला रस्ता ओलांडून न्यायचं होतं. बाळूनं दावं हातात घेतलं. चंद्री हलेना. पाहुण्यांनी घेतलं. हलेना. मग काकू आल्या. त्या माझ्याशी बोलल्या नाहीत, बाळूशीही बोलल्या नाहीत. त्यांनी दावं धरलं, जिभेनं टक टक असा आवाज केला आणि चंद्री मुकाट त्यांच्यामागे निघाली.

रस्त्याच्या बरोबर मधोमध गेल्यावर चंद्री थांबली. रुंद झाल्यापासून हा रस्ता तिनं पाहिलाच नव्हता. तिनं एकदा पांढऱ्या रेघेचा वास घेतला, शेपटी वर केली, आणि जे करायचं ते निवांत केलं.

एका बाजूनं ट्रॅव्हल्सची गाडी आली. तिचं नाक खाली वाकलं, पार जमिनीला लागेल इतकं, आणि ती उभी राहिली. दुसऱ्या बाजूनं ट्रक आला, उभा राहिला. मागे जीप, मोटारसायकली, एक ट्रॅक्टर. कुणी आडून घुसलं नाही. एका मोटारसायकलवाल्यानं हॉर्न दिला, तर ट्रकवाला खिडकीतून त्याच्यावर खेकसला, "ए, हॉर्न नको मारूस रे! बिचकंल ती!"

हे वाक्य ऐकायला मी नोकरीला लागल्यापासून थांबले होते. फक्त ते माणसाबद्दल असेल असं वाटलं होतं.

आणि तेवढ्यात पलीकडच्या शेतातून बाया आल्या. डोक्यावर भारे. त्या नेहमीप्रमाणे कडेला थबकल्या, कान दिला. गाड्यांचा आवाज नाही. पहिली निघाली, तिच्यामागे दुसरी, तिसरी. कुणाच्या डोळ्यात न बघता, मान न वळवता, हात वर न करता सगळी रांग चंद्रीच्या शेपटीमागून सावकाश निघून गेली. अर्ध्या रस्त्यात एकीचा भारा कलला तर तिथं उभं राहून दुसरीनं तो नीट केला. दोन्ही बाजूंचे ड्रायव्हर वाट बघत होते. मी कडेला पिशवी घेऊन उभी होते आणि मला रडू येत होतं. आनंदानं की संतापानं, ते अजून ठरलेलं नाही.

रांग पार झाली. काकू मात्र दावं धरून तिथंच उभ्या.

"काकू, आना की हिकडं," पाहुण्यांनी टेम्पोजवळून हाक दिली.

"इकायची न्हाई."

बाळू पळत रस्त्यात आला. "आये, काय बोलायलीस? पाव्हने टेम्पो घेऊन आलेत!"

"तर घेऊन जातील टेम्पो." काकूंनी चंद्रीच्या पाठीवर हात ठेवला. "बाळ्या, इतकी वर्सं मी या रस्त्यावरनं येती-जाती. मला बगून कोन थांबलं का? हिला बगून समदे थांबले. आता हिला इकून मी कुनासंगं रस्ता वलांडू?"

बाळूनं डावीकडे बघितलं, उजवीकडे बघितलं. धड्याप्रमाणे, अगदी बरोबर. मग त्यानं पाहुण्यांना हात जोडले. पाहुणे थोडे रागावले, मग चहा घेऊन गेले.

त्या दिवसापासून काकू चंद्रीला रोज घेऊन जातात. सकाळी जाताना, संध्याकाळी येताना. ती बांधावर चरते, काकू तिथंच बसतात. भारा लागला तर लहान. बाकीच्या बाया, शेतात राहणाऱ्यांची शाळेला येणारी लेकरं, दवाखान्याला निघालेली म्हातारी माणसं चंद्रीची वेळ धरून रस्त्यावर येतात. मी अहवाल लिहिला. सरांनी वाचला आणि विचारलं, "यात संस्थेची भूमिका काय?" मी 'समन्वय' असं लिहून दिलं.

हे सगळं गोड वाटत असेल तर तसं वाटून घेऊ नका. मला अजून राग येतो. एका बाईला रस्ता ओलांडायला म्हशीची किंमत उसनी घ्यावी लागते, यात गोड काय आहे? ज्यांच्याकडे म्हैस नाही त्यांनी काय करायचं? गंगाखेडच्या वाटेवर लोक अजून पदर, पिशव्या, लेकरं सावरत पळतात, आणि ड्रायव्हर आरशात ऊस मोजतात. आमचा पट्ट्यांचा अर्ज अजून चालूच आहे. आणि मी अजून पत्रकं लिहिते, कारण मला दुसरं काही येत नाही.

मध्यंतरी चंद्री व्याली. म्हणजे काही दिवस ती गोठ्याबाहेर येणार नव्हती. काकूंनी बोलावलं नव्हतं, पण मला घरी बसवेना. मी मोठा फलक रंगवला, "थांबा! माणसे जात आहेत!" आणि संध्याकाळी जाऊन रस्त्याच्या कडेला, जरा डांबरावरच, तो दोन्ही हातांनी वर धरून उभी राहिले. पलीकडे काकू भारा घेऊन आल्या. मागे बाया. एक ट्रक गेला. एक कार गेली, आतल्या लेकरानं फलकाला टाटा केला.

मग ती काळी-पिवळी जीप आली. तीच. मला वाटलं, आता हा "परभनी, परभनी" ओरडणार. पण काकू रस्त्यात उतरायच्या आधीच जीपचं नाक वाकलं. त्यानं ती सरळ कडेला घेतली नाही. रस्त्याच्या मधोमध जरा तिरकी लावली, मागच्याला आडून घुसता येऊ नये अशी. मग डोकं बाहेर काढलं.

"काकू, म्हैस कुठंय आज? व्याली का?"

भाऱ्याखालून उत्तर आलं, मान न वळवता. "व्याली की रं बाबा! वगार झाली."

"कपाळावर चांद हाय का?"

"हाय. ये बगाय."

"येतो. तुमी चला निवांत, मी हाय."

काकू निघाल्या. मी फलक आणखी उंच धरला. जीपवाला माझ्याकडे बघून म्हणाला, "ताई, जरा बाजूला व्हा की. काकूला जाऊ द्या."